विहिरीतला समिंदर

२ मार्च

ही वही गरोदर मातांच्या नोंदींसाठी मिळाली होती. आता आम्हा आशा सेविकांना सगळं मोबाईलवर भरावं लागतं, म्हणून वही कोरीच राहिली. माझे वडील शिक्षक होते. रोज एक पान तरी लिहायचं, अशी सवय त्यांनी आम्हा बहिणींना लावली होती. लग्नानंतर ती सुटली. आज पुन्हा धरते.

नळाला पाणी येऊन अठरा दिवस झाले. टँकर येतो तो वरच्या आळीतच रिकामा होतो, आमच्या वस्तीपर्यंत पोचत नाही. आम्ही वस्तीतल्या हातपंपाचं मचूळ पाणी पितो.

हे विठ्ठलरावांच्या नव्या विहिरीवर आहेत. यारी मशीनच्या तारेला पाळणा बांधून माणसं खाली सोडायची आणि दगड वर काढायचा, हे काम. नव्वद फूट गेले तरी नुसता काळा खडक. गडी सोडून गेले. आता बंकट मुकादम, धर्मराज आणि हे, तिघंच उरलेत. विठ्ठलराव म्हणतात, पाणी लागेपर्यंत थांबायचं नाही.

१८ तारखेला आम्रपालीला जाऊन तीन वर्षं होतील. अकरा दिवसांची होती. कागदावर नाव चढायच्या आतच गेली, पण घरात आम्ही तिला त्याच नावानं हाक मारायचो. मी रोज दुसऱ्यांची बाळं वजनकाट्यावर ठेवते आणि प्रत्येक वेळी हाताला तिचंच वजन आठवतं. एक किलो नऊशे. हे कुणाला सांगत नाही.

५ मार्च

हे भर दुपारीच घरी आले. पँट गुडघ्यापर्यंत ओली, पायाला पांढरी रेती. आत्याबाई, म्हणजे माझ्या सासूबाई भिमाबाई, उंबऱ्यातच बसल्या होत्या. त्यांनी विचारलं, "लागलं का रं शहादेवा पाणी?"

ह्यांनी पायाची रेती झटकली. मग म्हणाले, "आई, पाणी न्हाई लागलं. समिंदर लागलाय."

सकाळी सुरुंग उडवला तर तळाला बैलगाडी जाईल एवढं भगदाड पडलं. हे दोर बांधून त्यातून उतरले. खाली रेती, पिठासारखी. पुढे पाणीच पाणी. लाटा येतात आणि जातात. वर खडकाचं छत आहे, पण अंधार नाही. पाण्यातूनच निळसर उजेड येतो.

"समोरचा काठ दिसत न्हाई, पंचे," हे मला म्हणाले. पंचशीला कधी म्हणत नाहीत. "म्या हाक मारली तर ती परत आली न्हाई."

मी विचारलं, खारं आहे का?

"म्या तोंडाला लावलं न्हाई. धर्मराज प्याला. गोड हाय म्हणला. मग रडला, मग हसाया लागला."

ह्यांनी समुद्र कधी पाहिलेला नाही. मी पण नाही. मांजरसुंब्याच्या घाटाखाली उतरलं की ह्यांना गाडी लागते. असा माणूस खोटं कशाला सांगेल?

७ मार्च

सगळा गाव विहिरीवर लोटला होता. मी पण गेले. कठड्यावरून खाली वाकलं की निळा उजेड हलताना दिसतो. आणि आवाज. जात्यावर कुणीतरी दळत बसावं आणि मधेच थांबावं, तसा.

विठ्ठलरावांच्या मुलानं, हनुमाननं, सगळ्यांचे मोबाईल एका पाटीत जमा करून घेतले. शूटिंग करायचं नाही म्हणाला. उद्या मोटर उतरवणार. आधी गावाला मोफत पाणी, वस्तीला सुद्धा. पहिल्यांदाच त्यांच्याकडचं काही वस्तीला मिळणार.

९ मार्च

पाण्याचा नमुना घ्यायला मला पाठवलं. बाटली भरली. उन्हातून चालत गेले होते, म्हणून एक तांब्या प्याले पण. इतकं गोड पाणी जन्मात प्यायले नव्हते. येताना सगळी वाट हलकं हलकं वाटत होतं. लहानपणी डोक्यावरची मोळी उतरवली की मान आपोआप वर यायची, तसं.

आत्याबाईंनी घरात ते पाणी प्यायला बंदी केली आहे. टँकर दारात उभा राहिला, आम्ही भांडी भरली, पण ती धुण्याभांड्याला. म्हणाल्या, "माझ्या उभ्या जन्मात त्या घरानं आमाला वरून पाणी ओतलं. ओंजळ धरून प्यालोय आमी. आता दारात आणून देतेत. कावून?"

मी म्हणाले, जुन्या गोष्टी सोडा आता. त्या हातपंपावर गेल्या.

१३ मार्च

नमुन्याचा अहवाल आला. पिण्यास योग्य.

वस्तीतल्या छबुबाईकडे बीपीच्या गोळ्या द्यायला गेले. त्यांची लेक कालिंदा चार वर्षांपूर्वी सासरी जळून गेली. छबुबाई दर तारखेला कोर्टात जातात, आणि रोज संध्याकाळी लेकीच्या नावानं एक ताटली वाढून ठेवतात. काल तारीख होती, गेल्या नाहीत. ताटली पण दिसली नाही. मी विचारलं, "मावशी, कालिंदाच्या तारखेला गेला नाहीत?"

त्या म्हणाल्या, "कोण कालिंदा?"

हसून विचारलं त्यांनी. वय झालंय. विस्मरणाचं काहीतरी असेल, डॉक्टरांच्या कानावर घालते. पण बीपी एकदम चांगला आला, एकशे वीस ऐंशी. असा त्यांचा कधीच आला नव्हता.

धर्मराजनं विठ्ठलरावांवरची बांधाची केस मागे घेतली. मजुरी त्यांच्याकडेच करायचा, तरी अकरा वर्षं लढत होता. लोक विचारतात तर म्हणतो, कसली केस बे? एकूण गावात भांडणं कमी झालीत. पाण्याचीच भांडणं होती ती, पाणी आलं तर मिटणारच.

१८ मार्च

आज काही विशेष नाही. दोन लसीकरणं, एक गृहभेट.

ह्यांनी कामावर खाडा केला. सकाळी नेकनूरहून पांढरी फुलं आणली, बुद्धाच्या मूर्तीपुढे मेणबत्ती लावली आणि मला म्हणाले, "ये, बस." मी म्हणाले, पौर्णिमा तर नाही आज. ते माझ्याकडं बघत राहिले.

"आज काय तारीख हाय, पंचे?"

"अठरा."

"मग?"

मला काही कळलं नाही. कुणाचा वाढदिवस आहे का, असं विचारलं. ते उठून परसात गेले. आत्याबाई पदर तोंडाला लावून रडायला लागल्या. मायलेकांचं काहीतरी बिनसलेलं दिसतंय. मला कुणी सांगत नाही.

२० मार्च

हे आता घरी आले की बोलत नाहीत. आज खिशातून बाळाच्या मनगट्या काढल्या, काळ्या मण्यांच्या, दोऱ्यात ओवलेल्या. खाली रेतीवर सापडल्या म्हणाले. तिथं लाटा रोज काय काय आणून टाकतात. वेणीला बांधायच्या रिबिनी, एक चष्मा, कुणाच्या तरी हातची शिवलेली गोधडी. सगळं कोरडं.

मनगट्या माझ्या हातावर ठेवून विचारलं, "कुणाच्या हायत?"

मी म्हणाले, "मला काय माहीत? कुणाच्या तरी लेकराच्या. छान ओवल्यात."

"हां," म्हणाले, "छान ओवल्यात." आणि ट्रंकेत ठेवल्या.

ह्यांची तब्येत बरी नाही. नव्वद फुटांवर हवा कोंदट असते. काम सोडा म्हणते, तर ऐकत नाहीत.

२४ मार्च

कुटुंबसर्वेक्षणासाठी विठ्ठलरावांच्या घरी गेले होते. हे पण तिथं आलेले. ओट्याखाली उभे, हातात टोपी. मी आत मुक्ताकाकूंची, त्यांच्या बायकोची, माहिती भरत होते. बाहेरचं सगळं ऐकू येत होतं.

"आण्णा, ते पाणी बंद करा. ते चांगलं न्हाई."

"सरकारनं पास केलंय, शहादेव."

"पोट बिघडवत न्हाई ते. माणूस बिघडवतंय. ज्याचं जे दुखतं, ते काढून घेतंय. आन् दुखण्याबरुबर माणूसच जातंय. छबुबाईला लेक आठवत न्हाई. धर्मराजला त्याचं रान आठवत न्हाई."

विठ्ठलराव शांतपणे म्हणाले, "दुखणं जात असंल तर वाईट काय? रडणारी माणसं हसाया लागली. तुला रडकं गाव पायजे का?"

"मला माझ्या घरचं माणूस पुरं पायजे," हे म्हणाले. "तुमी न्हाई बंद केलं तर मी तहसीलला जाईन."

ह्यांचा आवाज चढला होता. मला लाज वाटली. एवढ्या मोठ्या माणसाशी असं बोलतात का? मी निघाले तेव्हा मुक्ताकाकूंनी मला पाणी विचारलं, पण ते विहिरीचं. त्यांच्या स्वतःच्या पेल्यात बीडहून येणाऱ्या जारचं पाणी होतं.

२९ मार्च

ह्यांनी तहसीलदारांना अर्ज लिहिला. अक्षर लागत नाही म्हणून मला स्वच्छ उतरवून द्यायला सांगितलं. मी दिला. त्यात एक वाक्य असं आहे: "सदर पाणी प्यायल्याने माझी पत्नी आमच्या मुलीस विसरली आहे."

मी म्हणाले, "अहो, हे काय लिहिलंय? आपल्याला मुलगी कुठे आहे?"

ह्यांनी माझ्या हातून पेन घेतलं. रागावले नाहीत. माझ्या डोक्यावर हात ठेवून बराच वेळ बसले. म्हणाले, "ऱ्हाऊ दे ते वाक्य. तसंच ऱ्हाऊ दे."

सोमवारी अर्ज द्यायला जाणार. उद्या एकच दिवस कामावर जायचंय, मोटरीचा व्हॉल्व्ह अडकलाय. हनुमाननं स्वतः निरोप धाडला.

३० मार्च

लिहिता येत नाही. तरी लिहिते, नाहीतर वेड लागेल.

सकाळी दहाला बंकटचा फोन, लवकर ये. मी पळत गेले. पाळणा नव्हता. तार तुटली, शहादेव खाली गेला, म्हणाले. यारीवर बंकट होता आणि हनुमान होता. दोघांनी पण खाली उतरून बघितलं नाही. मी ओरडले, कुणीतरी उतरा. हनुमान म्हणाला, "खाली समिंदर हाय वहिनी, कुठं शोधणार?" मी कठड्यावरून हाका मारल्या. नाव घेऊन मारल्या, लग्नाला नऊ वर्षं झाली, पहिल्यांदा नाव घेतलं. हाक परत आली नाही.

तारेचं टोक यारीवर लोंबत होतं. तार तुटली की धागे पिंजून बाहेर येतात, हे ह्यांनीच मला एकदा दाखवलं होतं. या तारेचं टोक सपाट होतं, आरीनं कापल्यासारखं. नवी तार होती, नवी असल्यामुळे तशी तुटली असेल. माझं डोकं चालत नाही. बंकटच्या हातात पाण्याची बाटली होती, सारखा पीत होता. त्याला विचारलं, तुमच्या डोळ्यांसमोर झालं का? तर म्हणाला, "काय झालं वहिनी?"

अर्ज ह्यांच्या खिशातच होता.

३१ मार्च

विठ्ठलराव आणि मुक्ताकाकू आमच्या अंगणात आले. वस्तीत त्यांचे पाय कधी लागले नव्हते. सतरंजीवर बसले. मुक्ताकाकूंनी तांब्याची कळशी आणली होती. स्वतःच्या हातानं पेला भरून माझ्या हातात दिला. म्हणाल्या, "रडून घसा सुकला असंल, पोरी. घे."

आत्याबाईंनी उंबऱ्यातून माझ्याकडं पाहिलं आणि नुसती मान हलवली. मी पेला खाली ठेवला. ते कळशी ठेवून गेले.

आता चार वाजलेत. आत्याबाई बाहेर बायकांत बसल्यात. कळशी माझ्यासमोर आहे. ह्यांनी अर्जात लिहिलं होतं, पाणी माणूस पुसतं. खरं नसेल. खरं असलं तर असू दे. डोळे मिटले की कठडा दिसतो. मला काही विसरायचं नाही. मला फक्त आज एकदा झोप पाहिजे. एकच पेला घेते.

१ एप्रिल

आज बरं वाटतंय. खूप दिवसांनी गाढ झोप लागली.

सकाळी उठले तर घर बायकांनी भरलेलं. का जमल्या होत्या ते कळलं नाही. मी सगळ्यांना चहा दिला. कळशीतलं पाणी पिऊन एकेक जण उठून गेली. जाताना एकीनं मलाच विचारलं, "आमी कशाला आलतो गं?" दोघी पण हसलो.

आत्याबाई हसत नाहीत. माझ्याकडं बघून भिंतीकडं तोंड केलं.

३ एप्रिल

घर आवरायला काढलं. दोरीवर पुरुषाचे कपडे होते. दोन पँटी, तीन शर्ट, एक पांघरूण, खाली कामावरचे बूट. कुणीतरी ठेवून गेलेलं दिसतं. भांडेवाली आली होती, तिला दिले. बदल्यात चांगलं जाड बुडाचं पातेलं मिळालं.

आत्याबाईंना कळलं तेव्हा त्यांनी ऊर बडवला. अनवाणी सडकेपर्यंत त्या भांडेवालीच्या मागं पळाल्या. दीड तासानं परत आल्या, काखेत एक शर्ट घेऊन. पातेल्याकडं त्यांनी बघितलं पण नाही. शर्ट उशाखाली घालून झोपल्या.

त्यांना काय झालंय, कळत नाही. दोघीच तर राहतो आम्ही. दोघींनी भांडून कसं चालेल? मी मायेनं विचारलं, विहिरीचं पाणी देऊ का, बरं वाटेल. त्यांनी तांब्या भिरकावून दिला.

५ एप्रिल

वरच्या आळीत तीन बाळांना डोस द्यायचे होते. एका आईला बाळ कुणाचं ते सांगता येईना. पाळण्यातलं बाळ रडत होतं आणि ती दारात बसून गाणं म्हणत होती. मी तिला तालुक्याच्या डॉक्टरांकडं पाठवा असा शेरा लिहिला.

८ एप्रिल

आज सकाळी आत्याबाईंनी ही वही माझ्यापुढे आणून टाकली. म्हणाल्या, "तू रोज यात लिहीत व्हतीस. मला वाचता येत न्हाई. मला वाचून दाखव. पैल्या पानापासून."

मला कामाला जायचं होतं. त्या दाराला पाठ लावून बसल्या.

मग वाचलं. मोठ्यानं, २ मार्चपासून. अक्षर माझं आहे. शाई माझ्याच पेनाची. पण पानोपानी "हे" लिहिलंय. हे आले, हे म्हणाले, ह्यांनी फुलं आणली. दुसऱ्यांच्या तोंडी तेवढं शहादेव येतं, मी स्वतःहून नाव कुठं लिहिलंच नाही, बायका लिहीत नाहीत तसं. मी थांबून विचारलं, "आत्याबाई, हे म्हणजे कोण?"

"माझा ल्योक. शहादेव. तुझा नवरा."

मी गळ्यातल्या काळ्या पोतीला हात लावला. सगळ्याच बायका घालतात, म्हणून मी पण घालते, एवढंच वाटलं होतं. आणि मी रोज दहा कागदांवर सही करते, पंचशीला शहादेव. मधलं नाव कुणाचं, हे एकदाही मनात आलं नव्हतं.

आम्रपालीचं वाचलं. एक किलो नऊशे. हात पुढे केले, हाताला काही आठवलं नाही. ट्रंक उघडली तर मनगट्या होत्या.

३० मार्च वाचताना आत्याबाईंनी तारेचं वाक्य तीनदा वाचायला लावलं. सपाट टोक. आरीनं कापल्यासारखं. मग ३१ मार्च. एकच पेला घेते. ते वाचून झालं तेव्हा मला वाटलं, त्या मला मारतील. त्या म्हणाल्या, "तुझा काय दोष. पर एक सांगते पोरी, तू रडत न्हाईस, म्हणून मला एकटीला दोघींचं रडावं लागतंय. आन् मी म्हातारी हाय."

मला त्यांची दया आली. स्वतःची नाही आली. स्वतःचं काय गेलंय तेच मला माहीत नाही.

९ एप्रिल

पहिल्या गाडीनं पोलीस ठाण्यात गेलो. आत्याबाईंनी शर्ट सोबत घेतला होता. फौजदार तरुण आहेत. त्यांनी वही निम्मी वाचली आणि माझ्याकडं पाहिलं.

"तुम्हाला यातलं काही आठवतं?"

"नाही."

"मग तक्रार कशाच्या आधारावर देता?"

"अक्षर माझं आहे साहेब. मी सात वर्षं बाळांची वजनं लिहिते. एकही आकडा कधी मनचा लिहिलेला नाही. मी लिहिलंय म्हणजे मी पाहिलंय."

त्यांनी बंकटला फोन लावला. बंकट म्हणाला, मी शहादेव नावाच्या माणसाबरोबर कधी काम केलेलं नाही. फौजदारांनी फोन ठेवला. मग कागद ओढला.

"मयताशी नातं?"

तोंडून लगेच येईना. आत्याबाई बोलणार होत्या, मी हातानं थांबवलं. म्हणाले, "नवरा."

परक्या माणसाचं नाव आपल्या नावापुढं सांगावं, तसं वाटलं.

१० एप्रिल

विहिरीला सील लागलं. यारीवरची तार पोलीस पोत्यात घालून घेऊन गेले. हनुमानला चौकशीला नेलं.

टँकर थांबला तसा गाव आमच्या दारात आला. धर्मराज सगळ्यात पुढे. "कुणाचं काय वाकडं झालतं? गोड पाणी मिळत व्हतं, तुला बघवलं न्हाई." त्याच्याच बरोबरीनं हे नव्वद फूट खाली उतरायचे, असं वहीत आहे. त्याला सांगितलं. तो म्हणाला, कोण हे? छबुबाई पण त्या गर्दीत होत्या. रिकामी घागर घेऊन आल्या होत्या.

विठ्ठलराव शेवटी आले. ओरडले नाहीत. म्हणाले, "पंचशीला, तुझं दुखणं तर गेलं. मग कशापायी हे?"

मी म्हणाले, "माझं गेलं, आण्णा. यांचं नाही गेलं." आणि आत्याबाईंचा हात धरला. "आणि मला आठवत नाही म्हणूनच तुम्ही इतक्या शांतपणे माझ्यासमोर उभे आहात."

संध्याकाळी हनुमान घरी परतला. त्यांच्या वकिलानं ठाण्यात सांगितलंय की जिला स्वतःचा नवरा आठवत नाही, तिची साक्ष कोर्टात टिकत नाही. फौजदार म्हणाले, प्रयत्न करू. खाली उतरणारी माणसं बाहेरून मागवलीत.

११ एप्रिल

कामावरून मला तूर्तास थांबवलंय. गावात भेटी घेता येत नाहीत, दारं उघडत नाहीत.

आत्याबाईंना म्हणाले, त्यांच्याबद्दल सांगा. काहीही सांगा. त्यांनी सांगितलं आणि मी लिहिलं: भाकरी डाव्या हातानं मोडायचा. चौथीत असताना मास्तरांनी मागं बसवलं तर शाळेबाहेर उभं राहून शिकला. गाडी लागायची म्हणून प्रवासात लिंबू जवळ ठेवायचा. लेक झाली तेव्हा दवाखान्यातून घरापर्यंत तिला दोन्ही हातांवर आडवी धरून चालत आणली, रिक्षाला हादरे बसतात म्हणून. सहा किलोमीटर.

चांगला माणूस असणार.

१२ एप्रिल

सकाळी नऊ वाजता पाणबुडे उतरले. त्यांना पाणी तोंडात जाऊ द्यायचं नाही असं बजावलं होतं. अकराच्या सुमाराला पाळणा वर आला. रेतीवर पडले होते म्हणाले, पाण्यापासून लांब. तेरा दिवस झाले तरी अंग तसंच होतं, आत्ता झोपल्यासारखं. उतरलेल्यांपैकी एकानं सांगितलं, तोंड भगदाडाकडं होतं आणि रेतीत सरपटल्याच्या खुणा होत्या. म्हणजे पडल्यावर लगेच गेले नव्हते. मी हाका मारत होते तेव्हा जिवंत असतील. मी हे लिहून ठेवते. फौजदारांनी पण लिहून घेतलंय.

फौजदार म्हणाले, पत्नीनं ओळख पटवावी. मी पुढे झाले. पस्तिशीचा माणूस. भुवया मधे जुळलेल्या, हनुवटीवर तीळ, उजव्या अंगठ्याचं नख काळं. मी खरं तेच सांगितलं. "मी यांना ओळखत नाही." लोकांत कुजबूज झाली. विठ्ठलराव तिथंच उभे होते.

आत्याबाईंनी गुडघे टेकले. दोन्ही हातांनी त्याचा चेहरा धरला आणि म्हणाल्या, "लिव्हा सायेब. भिमाबाईचा शहादेव हाय."

खिशात अर्ज सापडला. कोरडा. अक्षर माझंच.

शवविच्छेदन होऊन दुपारी अडीचला घरी आणलं. वस्तीत जयंतीच्या निळ्या पताका लावायचं काम चालू होतं, ते पोरांनी थांबवलं. पांढरी साडी नेसले. वंदना झाली. वरच्या आळीतलं कुणी आलं नाही. वस्तीतले आले, पण बहुतेकांना कुणासाठी आलो ते सांगावं लागत होतं.

आत्याबाईंनी मला त्याच्याजवळ बसवलं. म्हणाल्या, "लग्नात तू मान खाली घालून बसलीस, धड बघितलं पण न्हाईस. आता बघ."

मी बघितलं. कान, केस, डाव्या कानशिलावर तीन पांढरे केस, तळहाताला तारेचे घट्टे. एकेक बघितलं आणि मनात लिहीत गेले. हात हातात घेतला, थंड होता, जड होता. रडू आलं नाही. पण साडेपाचला उचलायला आले तेव्हा मी म्हणाले, थांबा. का म्हणाले ते मला माहीत नाही. परत म्हणाले, थांबा जरा.

दिवस मावळायला मी आणि आत्याबाईंनी मिळून अग्नी दिला.

माझ्या नवऱ्याला मी आज सकाळी अकरा वाजता पहिल्यांदा पाहिलं. मला त्यांच्याजवळ तीन तास मिळाले.